मातीखालची बाई

मित्रांनो, मी एक जुना व्हिडिओ कॅमेरा आहे आणि मला राग आला आहे. जुन्या वस्तूंनी गोड बोलावं अशी अपेक्षा असते. आज ती माझ्याकडून ठेवू नका.

कारखान्यातून दुकानात आणि दुकानातून मी एका कलाकार बाईंच्या घरी आलो. बाई मला स्वयंपाकघरात तिपाईवर बसवायच्या, सुरू करायच्या आणि पदराला हात पुसत समोरच्या स्टुलावर जाऊन बसायच्या. मग ओली माती तोंडाला थापून काडीने त्यात दुसरंच माणूस कोरायच्या. कधी पहारेकरी, कधी बँकेतला साहेब, कधी स्वतःची नणंद. मान, खांदे, खोकला, सगळं त्या माणसाचं. नणंदबाईंनी ते पाहिलं तेव्हा म्हणाल्या, "वहिनी, मी एवढं नाक मुरडते?" आणि नाक मुरडलं.

शेवटी बाई बादलीतल्या पाण्याने तोंड धुवायच्या आणि तशाच ओल्या चेहऱ्याने माझ्या भिंगाला भिडायच्या. इतक्या जवळचं मला धूसरच दिसे. त्यांना तेच हवं असे. "सगळ्यांना ओळखलंस ना? आता मला ओळख बघू," असं म्हणून त्या मला बंद करायच्या.

बाईंच्या या टेपांचं कौतुक झालं. मग माझ्यात घालायच्या कोऱ्या टेपा बाजारात मिळेनाशा झाल्या आणि मी कपाटावर धूळ खात पडलो. बाई गेल्यावर त्यांच्या लेकीने मला पुसलं आणि टेपांसकट एका कलादालनाकडे विश्वासाने सोपवलं.

आज तिथे प्रदर्शन उघडलं. मी काचेच्या पेटीत, समोर भिंतभर पडदा. लेक उभ्यानेच सगळं पाहत होती. पडद्यावर साहेब आला. माती सुकली, तडकली, की लगेच नणंद.

"आई कुठे आहे?" तिने संयोजकांना विचारलं.

"ही काय, समोर!"

"तोंड धुऊन जवळ येते, ती?"

"अहो ताई, ते कापलं. उठणं, बसणं, धुणं... तयारीचा भाग तो. शिवाय फोकसही नव्हता. लोक कंटाळतात हो."

फोकस नव्हता म्हणे! मित्रांनो, माझ्यात वीज असती तर पेटीची काच तडकली असती. या मातीखाली कोण आहे, एवढंच बाई जन्मभर विचारत आल्या. यांनी माती जपून ठेवली आणि बाई फेकून दिली.

"पूर्ण लावा," लेक म्हणाली.

"आत्ता? पाहुणे आलेत. पुढच्या वेळी नक्की."

तिने वाकून पडद्याची वायर ओढली. भिंत काळी झाली.

"ताई! आता लोकांना काय सांगू मी?"

"सांगा, आई तोंड धुतेय. ज्यांना तिला बघायचंय त्यांनी थांबावं."

संयोजक पाय आपटत मूळ टेप आणायला गेले. लोक कुजबुजले, पण हलले नाहीत.

मित्रांनो, गेलेल्या माणसाचं काही सांभाळायला घ्याल, तेव्हा त्यात ते माणूस नेमकं कुठे आहे हे आधी घरच्यांना विचारा. मग बाकीचं काय पुसून टाकायचं ते टाका.