तिसऱ्या सांध्याचा आवाज

"धाच्या धा सांधे ठणठणीत हायत," हातोडा खाली ठेवत भरमू म्हणाला. रवळूकडे बघायचं त्यानं मुद्दामच टाळलं.

लढाई पेटून आठवडा झाला होता. तिकडे सीमेजवळ तोफगोळ्यांनी रूळ उखडत होते आणि ते जोडायला रेल्वेच्या बेळगाव टोळीतून एकच माणूस जायचा होता. मुकादम मारुतीरावांनी परीक्षा साधी ठेवली: रुळांच्या दहा सांध्यांवर हातोडा मारायचा आणि आवाजावरून दोष ओळखायचा.

सव्वीस वर्षं रुळांवरून चालून भरमूचे पाय झिजले, पण नाव काही झालं नाही. तिशीतल्या रवळूला हातोडा धरायला त्यानंच शिकवलं. आता जो तो रवळूच्या कानाचं कौतुक करायचा आणि भरमूला भाकरी गोड लागायची नाही. आपलाच चेला, आणि आपल्याच डोक्यावर मिरे वाटतो!

रवळूनं सांधे वाजवले. तिसऱ्यापाशी जरा रेंगाळला.

"काय रं?" मारुतीरावांनी विचारलं.

"अण्णा म्हणत्यात तेच."

"मग थोरल्याचा मान. भरमूअण्णा जातील."

भरमूची छाती फुगली. आपल्या गावात, हिंडलग्यात, आपल्या नावाचा फलक लागलाय आणि रवळू खाली उभा राहून तो वाचतोय, हे त्याला दिसायलाच लागलं.

मारुतीराव चहाला वळले, तसा रवळू जवळ आला. भरमूला ऐकू जावं एवढ्याच मोठ्यानं बोलला.

"अण्णा, तिसऱ्या सांध्यावर रूळ जोडणारी पट्टी आतनं चिरलीया. आवाज बद्द येतोय. दुपारी मिलिटरीची गाडी हाय. तुमीच सांगा मुकादमास्नी, पुन्यांदा तपासलं म्हून."

"मघाशी का गप बसलास?"

"तुमी चांगला म्हणल्यावर मी खोटा कसा म्हणू? तुमच्याकडनंच शिकलोय न्हवं."

कानाचा हेवा होताच, आता त्याच्या मोठेपणाचाही वाटला. त्यानं चारचौघांत तोंडघशी पाडलं असतं तर बरं झालं असतं, निदान रागावता तरी आलं असतं. भरमूनं तिसऱ्या सांध्यावर तीनदा हातोडा घातला. तिन्हीदा त्याला तो चांगलाच वाटला.

तो मारुतीरावांकडे गेला. "तिसरी पट्टी बदलून घ्या. रवळूनं वळखली. मला दोन वर्सं झाली, नीट ऐकू येईना. त्यालाच धाडा."

"अण्णा, हे कागदावर गेलं तर तुमचं रुळावरचं काम सुटंल."

"व्हय. म्हायती हाय."

दुसऱ्या दिवशी स्टेशनात हार होते, हलगी होती. भरमू तिकडे फिरकला नाही; पोटातली आग अजून विझली नव्हती. गावाबाहेरच्या वळणावर तो एकटाच उभा राहिला. रवळूची गाडी धडधडत आली आणि दिसेनाशी झाली. मग भरमू खाली बसला, रुळावर पंजा टेकवला, आणि हाताखालची थरथर पुरती थांबेपर्यंत त्यानं तो उचलला नाही.