देवानं दिलेल्या पायाचं बकल

सन चौऱ्याऐंशीच्या पावसाळ्यात आमच्या मूल तालुक्यात माणसांना नवे पाय फुटू लागले. म्हणजे फुटला होता एकच, पण तेवढ्यावर नाल्याकाठच्या मोहाच्या झाडाखाली जत्रा भरली. झाडाखाली बाबांचं आसन, आणि तिथून पार धानाच्या बांधापर्यंत रांग. रांगेत लंगडे होते, वातानं आखडलेल्या म्हाताऱ्या होत्या, एक लंगडा गोऱ्हा होता, आणि सगळ्यांच्या मागं रामाजी आपली तीन पायांची खाट डोक्यावर घेऊन उभा होता. बाबांनी खाट ठेवून घेतली. लाकडाला जरा वेळ लागतो म्हणाले. चौथ्या पायाच्या जागी विटा लावून ते रोज तिच्यावरच झोपू लागले, बहुधा पाय कधी येतो ते पाहायला.

याआधी बाबा उचकी थांबवत. पाण्याचा पेला देऊन. आता त्यांचं नाव पायबाबा पडलं.

"आधी टाच येते," बाबा सांगत. "मंग अंगठा. बोटं मागून येते. नखाले मात्र अमावस्या लागते."

कुणाला शंका आलीच, तर बाबा उजवीकडे बोट दाखवत. तिथं पुरावा बसलेला असे. पुराव्याचं नाव खुशाल.

खुशालला सगळा तालुका ओळखत होता. मूलच्या एसटी स्टँडसमोर आमचं सायकलचं दुकान. एकोणीस वर्षांचा असताना त्यानं माझ्या वडिलांकडून दोन तासांसाठी सायकल भाड्यानं नेली आणि तो कन्याकुमारीला गेला. वर्षानं परत येऊन म्हणाला, जरा उशीर झाला. पुढं काश्मीर झालं. एका पावसाळ्यात ट्रकच्या ट्यूबवर बसून त्यानं पुरातली वैनगंगा ओलांडली, कारण पानठेल्यावर कुणीतरी जमणार नाही म्हणालं होतं. मग भद्रावतीजवळच्या चढावर त्यानं कोळशाच्या ट्रकची मागची साखळी धरली, म्हणजे पायडल मारायला नको. साखळी हातात राहिली, खुशाल खाली गेला. उजवा पाय गुडघ्याखालून कापावा लागला. चूक ट्रकची नव्हती, हे तो स्वतःच सांगायचा.

अशानं माणूस घरी बसतो. खुशाल कुबड्या टेकत माझ्या दुकानात आला आणि म्हणाला, "शमीमभाऊ, एका पायाची सायकल करून दे." आम्ही डाव्या पायडलला पट्टा बसवला, उजव्याला वजन बांधलं. तो धानाच्या बांधावर शिकायचा आणि चिखलात पडायचा. रोवणीच्या, म्हणजे धान लावणाऱ्या बाया सुरुवातीला धावत येत. पुढं पुढं त्या मानही वर करीनात. शेवटी तो एका पायानं जंगलातून सिरोंच्याला जाऊन आला. लोक काय म्हणाले? "बिचारा." हा शब्द त्याला ट्रकपेक्षा जड गेला.

मग एक दिवस तो नेहमीसारखा कुणाला न सांगता नाहीसा झाला. तो गेला होता जयपूरला. तिथं कारागिरांनी त्याला ॲल्युमिनियमची नडगी आणि रबराचं पाऊल करून दिलं. पाचही बोटं, वर कातडीचा रंग, मांडीला बांधायला चामड्याचा पट्टा. अनवाणी चालावं, चिखलात उतरावं, असा पाय. मूलला एसटीतून उतरल्यावर त्यानं कुबड्या घेतल्याच नाहीत. फुलपँट खाली सोडली आणि गावाकडं चालू लागला. वाटेत मोहाचं झाड. तिथं उचकीवाल्यांची चार डोकी बसली होती, त्यांत सुगंधाबाई होती. दोन वर्षं त्याला पाहून चुकचुकणारी म्हातारी. ती बसल्या जागेवरून पुढं वाकली आणि तिनं ते पाऊल दोन्ही हातांनी धरलं.

"पाय आला रे बाबा," ती म्हणाली. "तुज्या मायनं इथी नवस केल्ता."

बाबा तसे हुशार. क्षणात उठले, खुशालच्या डोक्यावर अंगारा ठेवला आणि म्हणाले, "काल राती मीच पाठवला."

खुशाल हसला. त्यानं तेवढंच केलं. त्याला वाटलं, गंमत आहे, संध्याकाळी सांगून टाकू. पण संध्याकाळी अख्खं गाव त्याच्या अंगणात आलं आणि एकही जण बिचारा म्हणाला नाही.

मला हे कसं कळलं? पट्ट्याचं बकल तुटलं आणि ते घेऊन तो गुपचूप दुकानात आला. मी माझ्या जुन्या शाळेच्या दप्तराचं बकल काढून त्याला लावलं. आम्ही दोघं पोट धरून हसलो. त्याच आठवड्यात रोवणीत एक नवा चमत्कार झाला होता. बांधीतल्या चिखलात उतरलेल्या सगळ्यांच्या दोन्ही पायांना जळवा लागल्या, खुशालच्या उजव्या पायाला एकही नाही. रबर चावून जळवांना काय मिळणार? पण गावानं निकाल दिला, देवाच्या पायाला जळूसुद्धा तोंड लावत नाही. मी म्हटलं, "आता सांगून टाक." तो म्हणाला, "सांगतो ना. पोळा होऊ दे."

पोळ्याच्या आठ दिवस आधी पत्रू नावाचा मजूर आला. जंगलात लाकडं भरताना सागाचा ओंडका त्याच्या पावलावर पडला होता. चंद्रपूरच्या डॉक्टरांनी सांगितलं होतं, पंजा काढावा लागेल आणि आजच. त्याच्या बायकोनं, वच्छलानं, त्याला दवाखान्यातून उठवलं आणि बैलगाडीत घालून थेट मोहाच्या झाडाखाली आणलं. तिचं म्हणणं सरळ होतं: कापून कशाला घ्यायचं, इथं नवा मिळतो.

बाबांनी काळ्या पडलेल्या बोटांवर अंगारा लावला. धुवायचं नाही, पट्टी नाही, गोळी नाही, अमावस्येला या. वच्छलानं खुशालकडं पाहिलं. तो मान खाली घालून बसला होता.

त्या दिवशी माझं दुकान बंद करायची वेळ झाली तरी खुशाल उठेना.

"वास आला," तो म्हणाला. "मायाही पायाले तसाच येत होता, कापायच्या आधी."

"मंग बोल ना."

"उद्या बोलतो."

पुरातल्या वैनगंगेला न भिणारा माणूस सुगंधाबाईला भीत होता. आणि तो सांगेल म्हणून मी गप्प होतो. शेजारी शेजारी बसून दोघं जण असे गप्प बसले की त्याला मैत्री म्हणतात. पत्रूच्या पायाला त्याचं काही नव्हतं. तो सडत राहिला.

पोळ्याच्या सकाळी, अमावस्येला, झाडाखाली पाय ठेवायला जागा नव्हती. पत्रूला गाडीतून उतरवलं. अंगात ताप, काळेपणा घोट्याच्या वर चढलेला. बाबांनी चिमूटभर अंगारा उचलला आणि तेवढ्यात पुरावा उभा राहिला.

खुशालनं फुलपँट वर केली, पट्टा सोडला, पाय काढला आणि बाबांच्या मांडीवर ठेवला. मग एका पायावर उड्या मारत तो पत्रूजवळ जाऊन बसला.

मागची माणसं टाचा उंच करून पाहू लागली. बाबांनी मांडीवरच्या पायाकडं पाहिलं. पण धंदा म्हणजे धंदा.

"पाहा," ते म्हणाले. "मनात शंका आणली, पाय गळून पडला."

आणि लोकांनी माना हलवल्या. मी डोळ्यांनी पाहिलं. पाय मांडीवर पडलेला दिसत होता, तरी माना हलत होत्या. पुन्हा सुगंधाबाईच पुढं आली. तिनं पाय उचलला, उलटा केला, नखानं वाजवून पाहिला. टण् आवाज आला.

"बाबा," ती म्हणाली, "देवानं पाय देल्ला त याले बकल कायले लावलं?"

"लीला आहे, माय."

"बकल मी लावलं," मी म्हणालो. "माया दप्तराचं होतं."

मागून कुणीतरी खुदकन हसलं. खुशाल हसला नाही. त्यानं उघडा गुडघा बाबांसमोर धरला.

"तुमीच पाठवला होता ना? आज अमावस्या हाय. उगवा. मी बसून राह्यलो इथीच."

बाबांनी डोळे मिटले, ओठ हलवले. सूर्य झाडावर आला. पाय आला नाही. पुढची अमावस्या जास्त चांगली आहे, असं बाबा म्हणाले तेव्हा रामाजीनं पुढं होऊन आपल्या खाटेखालच्या विटा काढून घेतल्या. बाबा तिच्यावर बसलेले होते.

खुशालनं सगळं सांगितलं. जयपूर, रबर, ॲल्युमिनियम, जळवा. बाबांनी काही केलं नाही, चिखलात पडून पडून तो स्वतः शिकला, आणि पाय त्याला माणसांनी करून दिला, हे सांगितलं. पाय गर्दीतून हातोहात फिरला, जो तो वाजवून पाहत होता. वच्छलानं तो हातात घेतला नाही.

"तुले ठाऊक होतं," ती म्हणाली. "तवा काऊन नाई सांगतलं?"

पोळ्याला बैलांच्या खांद्यावर जू ठेवत नाहीत. त्या दिवशी पत्रूला दवाखान्यात न्यायला झूल काढून बैल गाडीला जुंपले, आणि कुणी काही म्हणालं नाही.

पत्रू वाचला. पाय मांडीतून गेला. डॉक्टर म्हणाले, आठ दिवसांपूर्वी दवाखान्यातून उठवून नेलं नसतं तर पंजावर भागलं असतं. बाबा त्याच रात्री पळाले. खाटेला सुतारानं पाय बसवला, अर्ध्या तासात.

गुडघा असला तर जयपूरच्या पायानं माणूस आठवड्यात चालतो. मांडीतून गेला तर तेच महिन्यांचं काम होतं. खुशालनं पत्रूला जयपूरला नेलं, परत आणलं, आणि अजून रोज सकाळी त्याला बांधावर चालवतो. दोघं चिखलात पडतात. पत्रू त्याच्याशी बोलतो. वच्छला बोलत नाही, पण दोघांना पुरेल एवढा चहा ठेवून जाते.

आता जिथं चमत्कार झाल्याचं ऐकू येतं, तिथं खुशाल सायकलनं जातो, भरबाजारात पाय काढून लोकांच्या हातात देतो आणि सुरुवात नेहमी एकाच वाक्यानं करतो: "या पायानं एका मानसाचा गुडघा खाल्ला, कारन मी गप्प होतो."

म्हणून सांगतो. चमत्कार दिसला तर हात जोडण्याआधी तो हातात घ्या, उलटा करा, वाजवून पाहा. कुठंतरी बकल असतं. आणि ते दिसलं, तर त्याच दिवशी सांगा. पोळ्याची वाट पाहू नका.