हिरवं आकाश

आमच्या जुन्या अंतराळ-मालिकेचे रंग उजळणाऱ्या तंत्रज्ञ मुलानं मला बोलावून पडद्यावर माझाच ग्रह दाखवला. कार्टून असलं तरी त्यातलं प्रत्येक आकाश मी हातानं रंगवलेलं. हे मात्र निळंशार होतं.

"हे कुणाचं?" मी विचारलं.

"तुमचंच, आजी. तुमच्या वहीत 'आकाश निळं' असं लिहिलंय. फिल्म जुनी होऊन हिरवी पडली होती, ती सुधारली."

त्यावर त्यानं दादाचं संगीत लावलं. दादा म्हणजे माझा थोरला भाऊ, मालिकेचा संगीतकार. जाऊन नऊ वर्षं झाली. हिरव्या संध्याकाळी त्याची संथ बासरी ऐकली की घरापासून फार लांब आल्यासारखं वाटायचं. निळ्याखाली ती नुसती कुरकुरत होती. तेव्हा आम्ही एकाच खोलीत काम करायचो, या भिंतीशी माझी चित्रं, त्या भिंतीशी त्याचा पियानो, मध्ये चहाची किटली. त्या दिवसांसाठी जीव तुटला.

"हिरवंच होतं. मुद्दाम केलेलं," मी म्हटलं.

"तसं लिहिलेलं दाखवा, बदलतो. पण परवापर्यंतच."

मुद्दाम कसलं! ट्यूबलाइट गेली म्हणून मी तीन दिवस पिवळ्या बल्बखाली रंगवत बसले. त्या उजेडात निळं-हिरवं कळत नाही, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक. उन्हात पाहिलं तर तीसेक चित्रं हिरवी. दिग्दर्शकाला थाप मारली, "परक्या ग्रहाचं आकाश आपल्यासारखं कशाला असेल?" त्याला ते पटलं आणि पुढे चाळीस वर्षं माझ्या कल्पकतेचं कौतुक झालं. झाकली मूठ सव्वा लाखाची. वर मीच दादाला चिडवायची, "माझ्या रंगावर तुझी चाल तरली." तो म्हणायचा, "हो बाई."

काही लिहिलेलं सापडतंय का बघायला दादाच्या घरी गेले. वहिनीनं त्याचे कागद काढून दिले. त्या भागाची आधीची चाल चांगली उड्या मारणारी होती, पण खोडलेली. शेजारी त्याचं किरटं अक्षर: 'धाकटीचं आकाश चुकून हिरवं झालंय. सगळं पुन्हा काढायला लावतील, रडत बसेल. चाल उदास करतो, म्हणजे हिरवं ठरवून केलंय असं वाटेल. तिला सांगायचं नाही.'

म्हणजे दिग्दर्शकाला माझी थाप पटलीच नव्हती, दादाची चाल पटली होती.

वहिनी हळूच म्हणाली, "वन्सं, हा कागद दिलात तर सगळ्यांना कळेल."

"कळू दे."

तंत्रज्ञ मुलानं कागद दोनदा वाचला आणि आकाश हिरवं केलं. बासरी सुरू झाली. दादानं तेव्हा माझं जे रडणं वाचवलं होतं, ते मी त्या खुर्चीत बसून पुरं केलं.