कारणाचा रकाना

मी रेल्वेच्या फाट्याचा रूळ. बोलायची सवय नाही मला. गाडी माझ्यावरून जायची, तीच काय ते बोलायची. आता गाडीच नाही, म्हणून मला तोंड उघडावं लागतंय. आणि खरं सांगतो, मी चिडलोय. लोखंड सावकाश तापतं, पण तापलं की लवकर निवत नाही, बरं का.

मोठ्या लाईनीपासून डोंगरातल्या खाणीपर्यंत अकरा मैल मला अंथरलं, ते दगड वाहायला. पुढं खाण संपली. पण तोवर माझ्या दोन्ही अंगांना माणसं राहायला आली होती, मग मी त्यांचाच होऊन गेलो. पिठाची पोती, टपालाची थैली, शाळेच्या बाई, नव्या नवरीची ट्रंक, सगळं नेलं. एकदा पुरात रस्ता वाहून गेला, तेव्हा सतरा दिवस दूध आणि औषधं माझ्यावरूनच आली. तेव्हा घड्याळ कुणी बघितलं नाही.

तिसऱ्या थांब्याजवळ शिवणकाम करणारी एक बाई राहते. सगळे तिला मावशी म्हणतात. तिची मूत्रपिंडं निकामी झाली. दर मंगळवारी आणि शनिवारी शहरातल्या इस्पितळात जाऊन यंत्रावर रक्त शुद्ध करून घ्यायचं, नाहीतर जगणं नाही. घर टेकाडावर. पाय सुजलेले. छत्री टेकत टेकत उतरायची बिचारी.

गाडीचे गार्डकाका हिरवा झेंडा काखेत धरून तिची वाट बघायचे.

"काका, झेंडा दाखवताय की वाळत घातलाय?" ड्रायव्हर इंजिनातून ओरडायचा.

"थांब रे. उतारावर छत्री दिसतेय."

"म्हणजे चार मिनिटं गेली!"

"तुझ्या खिशातून गेली का? चहा पी गुपचूप."

मावशी धापा टाकत चढायची. "माझ्यापायी तुम्हाला बोलणी बसतील हो," म्हणायची आणि बसल्या बसल्या पिशवीतून सुई काढायची. "आणा तो झेंडा. कड उसवलीय. असा फाटका दाखवता होय लोकांना?"

गार्डकाका माणूस सरळ. उशीर झाला की वहीत लिहायचा, असा नियम. ते लिहायचे, चार मिनिटं. शेजारी कारणाचा रकाना. त्यात काय लिहायचं ते वरून छापून आलेलं: सिग्नल, इंजिन, पाऊस, जनावर आडवं. ह्या चारांतलं एक निवडायचं, बस.

"जनावर लिहा की," ड्रायव्हर म्हणायचा. "कोण बघायला येतंय?"

गार्डकाकांनी एकदाच त्याच्याकडं रोखून बघितलं. "मावशीला जनावर लिहू मी?"

आणि रकाना रिकामा सोडला. सहा वर्षं, आठवड्यातून दोनदा, रिकामा.

मग वरच्या कचेरीतून हुकूम आला. फाट्याची गाडी विनाकारण उशीर करते, तिच्यापायी मोठी गाडी खोळंबते, सबब ती बंद.

विनाकारण! हा शब्द वाचून दाखवला तेव्हा मी फलाटाला लागून पडलो होतो. लाज कशी वाटली नाही लिहिताना? सहा वर्षांत एक माणूस इथवर आला नाही, एकानं विचारलं नाही की बाबा, हा रकाना रिकामा का? ज्यानं खोटं लिहिलं नाही त्याच्याच वहीनं गाडी बंद केली. दर वेळी जनावर लिहिलं असतं तर आजही गाडी चालली असती. ह्याला कारभार म्हणायचं?

गार्डकाका त्याच महिन्यात निवृत्त झाले. पण मंगळवार काही निवृत्त होत नाही. रूळ दुरुस्त करणाऱ्यांची एक जुनी ढकलगाडी शेडमध्ये पडली होती. काकांनी तिला तेल घातलं, वर खुर्ची बांधली. आता मावशी खुर्चीत आणि काका मागं. मोठ्या लाईनीपर्यंत उतार आहे, जाताना सोपं जातं; तिथून शहराला मोठी गाडी. येताना चढ. तेव्हा वाटेतली माणसं हातातलं काम टाकून येतात नि हात लावतात. ड्रायव्हरला मोठ्या लाईनीवर घातलंय, सुट्टी असली की तोही येतो.

"काका, हिच्यात गार्ड कोण नि ड्रायव्हर कोण?"

"ढकलतो तो ड्रायव्हर. दमतो तो गार्ड."

"म्हणजे दोन्ही तुम्हीच की!" मावशी वरून म्हणते.

गेल्या आठवड्यात चार माणसं आली आणि माझ्यावर खडूनं आकडे घालून गेली. सोमवारी मला उखडणार. गार्डकाकांनी त्यांच्या मुकादमाला सगळं सांगितलं, मंगळवारचं, शनिवारचं. तो ऐकून घेऊन म्हणाला, "माझ्या कागदावर असं काही नाही, आजोबा."

नसणारच. कसं असेल?

मला माझं काही नाही. लोखंड आहे, वितळवतील, कुठल्या तरी फाटकाचे गज करतील. पण मुकादमदादा, हात जोडता आले असते तर जोडले असते. मावशीला न्यायची दुसरी सोय होईतो हत्यार लावू नका. उशीर झाला म्हणून तुम्हालाही वरून विचारतील. तुमच्याही कागदावर कारणाचा रकाना असेल, त्यात छापलेलं काही निवडू नका आणि रिकामाही सोडू नका. स्वतःच्या हातानं लिहा, उतारावर छत्री दिसतेय.