मॅनेजरच्या खुर्चीसाठी सासू विरुद्ध सून

दावा करणारी आणि जिच्यावर दावा ती, अशा दोघी सुनावणीला एकाच स्कूटीवरून उतरल्या, तेव्हाच दोन्ही वकिलांनी कपाळाला हात लावला होता. तेजस्विनीचे वकील तर तिला बाजूला घेऊन म्हणाले, ताई, विरुद्ध पार्टीला असं डबलसीट आणत नाहीत हो. त्यावर ती म्हणाली, मग काय भर उन्हात चालत येऊ देऊ, सासू आहे माझी.

भानगड अशी, की एका पतसंस्थेच्या सिडको शाखेत या दोघी कामाला. मंगलाबाई, म्हणजे सासू, पंचवीस वर्षं कॅशला, शिक्षण बारावी. तेजस्विनी, सून, बी.कॉम. आणि वर सहकाराचा डिप्लोमा. सिडको शाखेचे मॅनेजर रिटायर झाले. नियम म्हणतो, मॅनेजरला पदवी आणि डिप्लोमा दोन्ही पाहिजेत. तेजस्विनीने तर मनातल्या मनात केबिनचे पडदेसुद्धा बदलून टाकले. आणि संचालक मंडळाने काय करावं? ठराव केला, पन्नाशी ओलांडलेल्यांना शिक्षणाच्या अटीतून सूट, आणि बढती मंगलाबाईंना.

तेजस्विनी भडकली आणि गेली थेट सहकार खात्याकडे, की खात्याची मंजुरी नसताना अशी सूट देताच येत नाही. घरी येऊन सांगितलंही, लपवाछपवी नाही. मंगलाबाई कणीक मळत होत्या. म्हणाल्या, "कर की. मीपण वकील देते."

झालं सुरू. सकाळी एकाच कढईतली भाजी दोघींच्या डब्यात आणि दुपारी एकमेकींविरुद्ध लेखी म्हणणं सादर. जेवताना एक काही बोलायला लागली की दुसरी म्हणायची, ते तारखेला बोल. अमोल, म्हणजे एकीचा मुलगा नि दुसरीचा नवरा, अंबडला कंपनीत. तो बिचारा ओव्हरटाइमच फार करायला लागला. घरी असला की दोघींना एकेकटीला गाठून सांगायचा, तूच जिंकणार बघ.

शेवटच्या तारखेला सहकार खात्याच्या उपनिबंधक मॅडमसमोर वकिलांची जी जुंपली ना! एक म्हणे अनुभव हीच पात्रता, दुसरे म्हणे मग पदवीची अट ठेवताच कशाला. ऐन रंगात आलेलं असताना मॅडमनी पतसंस्थेच्या चेअरमनला सहज विचारलं, रिकामी जागा नेमकी कुठली?

चेअरमन उठून म्हणाले, "नामपूरची, मॅडम. तिथल्या मॅनेजरनी सिडको मागून घेतलं. सीनियर आहेत."

नामपूर. म्हणजे सटाण्याच्याही पुढे, घर सोडून तिथेच राहायला जावं लागणार. दोघींनी एकमेकींकडे बघितलं. भांडायच्या नादात हे कुणी विचारलंच नव्हतं.

मंगलाबाई ताडकन उठल्या. मॅडम, सुनेचंच बरोबर आहे, मी नुसती बारावी, मला मॅनेजरकीतलं काय कळतंय. तेजस्विनी लगेच उभी, छे छे, एवढा अनुभव आहे त्यांचा, सूट एकदम कायदेशीर आहे, पाहिजे तर मी दावा मागे घेते.

"खबरदार मागे घेतलास तर," मंगलाबाई कुजबुजल्या, पण अख्ख्या खोलीला ऐकू गेलं. हिचे वकील हिला म्हणतायत बसा, त्यांचे वकील त्यांना म्हणतायत बसा, आणि शिपाई तोंडासमोर फाईल धरून हसतोय.

मॅडमनी पेन खाली ठेवलं आणि तेजस्विनीकडे वळल्या. "अहो ताई, एकच सांगा. तुम्हाला मॅनेजर व्हायचंय की नाही?"

तेजस्विनीच्या तोंडात 'नाही' अगदी येऊन बसलं होतं. पण ती खुर्ची, दारावर नावाची पाटी, समोर कांद्याचे व्यापारी सही घ्यायला थांबलेत, असं सगळं डोळ्यांसमोर धावत आलं.

"व्हायचंय," ती म्हणाली. "नामपूर तर नामपूर."

मंगलाबाई तिच्याकडे बघतच राहिल्या. मग पदर खोचला नि मॅडमना म्हणाल्या, "लिहून घ्या. मला ती सूट नको. हिला पाठवा."

परत जाताना पहिला सिग्नल ओलांडला मात्र, मागे मंगलाबाईंना जे हसू फुटलं, त्या गदगदा हलायला लागल्या, त्यांच्याबरोबर स्कूटी हलायला लागली, शेवटी तेजस्विनीला ती कडेला घ्यावी लागली, कारण तिलाही समोरचं दिसेना. तेवढ्यात अमोलचा फोन. हळूच विचारतोय, कोण जिंकलं?

मंगलाबाईंनी फोन ओढून घेतला.

"ते राहू दे. हरलास तू. बायको चालली नामपूरला, उद्यापासून पोळ्या लाटायला शीक."