तीन मुदतवाढी पाहिलेली शाल

मित्रांनो, मी एक जुनी शाल आहे. जुनी म्हटलं तरी माझा एक धागाही विरलेला नाही, कारण तीन वर्षं मला कोणी अंगावर घेतलंच नाही. अशा टवटवीतपणाचं कौतुक मला सांगू नका.

माझा जन्म लुधियान्याच्या एका यंत्रमागावरचा. रंग तांबूस, किनार जरीची. अमरावतीच्या दुकानात मला उलगडून दाखवलं, तेव्हा नत्थुजी शिपायांनी हात पँटला पुसून मगच मला लावला. एवढा मान पुढे मला कुणी दिला नाही. बियाणं तपासणाऱ्या एका अनुदानित संस्थेचे संचालकसाहेब त्या जूनअखेर निवृत्त होणार होते आणि मी त्यांच्या निरोपाची शाल होते. नत्थुजींनी माझ्या खोक्यात समारंभाची एक छापील पत्रिकाही ठेवली. तिच्यावर लिहिलं होतं : 'मा. संचालकांना निरोप आणि नूतन संचालक डॉ. जयवंता गावंडे यांचे स्वागत.'

जयवंता मॅडम तेल्हाऱ्याकडच्या, शेतकऱ्याची लेक. तीस वर्षं कपाशीच्या बियाण्यात गेलेली. ज्येष्ठता यादीत साहेबांच्या खाली त्यांचंच नाव होतं आणि त्यांच्या स्वतःच्या निवृत्तीला जेमतेम तीन वर्षं उरली होती.

समारंभाच्या दिवशी हार आले, पेढे आले आणि दुपारी वरून आदेश आला. साहेबांना एक वर्ष मुदतवाढ. कारण काय, तर जनहित. निरोपाचे हार अभिनंदनाचे म्हणून साहेबांच्याच गळ्यात पडले आणि मी कपाटात गेले. पुढच्या जूनमध्ये मला बाहेर काढून ऊन दाखवलं, तर पुन्हा मुदतवाढ, पुन्हा कपाट. तेव्हा मात्र मॅडम नागपूरला जाऊन कोर्टात उभ्या राहिल्या.

संस्थेने कोर्टाला लेखी उत्तर दिलं की, संचालकपदासाठी पात्र व्यक्ती उपलब्ध नाही. ते उत्तर हातात घेऊन मॅडम माझ्या कपाटापाशी बसलेल्या नत्थुजींकडे आल्या.

"लोक म्हणतात, बाईले खुर्चीची हाव सुटली," त्या म्हणाल्या. "हाव नाही नत्थुजी, नंबर हाये माहा."

नत्थुजींनी कपाट उघडलं, माझ्या घडीखालची पत्रिका काढली आणि त्यांच्या हातात दिली. "हे घ्या. आपल्याच हापिसानं छापलं हाये. तुमी पात्र नव्हत्या, तं तुमचं नाव काहून छापलं मंग?"

"तुमच्या नोकरीवर येईन हे."

"येऊ द्या. मी काही चोरी करून नाही राहिलो."

ती पत्रिका कोर्टात पुरावा म्हणून दाखल झाली. न्यायाधीश म्हणाले, कोण जास्त लायक हे ठरवणं आमचं काम नाही, नियम पाळला की नाही एवढंच आम्ही पाहणार. पण पात्र माणूसच नव्हता, तर हे स्वागत कोणाचं होतं? संस्थेच्या वकिलाने उत्तराला मुदत मागितली. मग पुन्हा मागितली. कधी फाईल सापडेना, कधी अधिकारी रजेवर. नत्थुजींची बदली परतवाड्याच्या उपकेंद्रात झाली. साहेबांना तिसरी मुदतवाढ मिळाली.

एप्रिलच्या शेवटच्या दिवशी मॅडम निवृत्त झाल्या. संस्थेविरुद्ध कोर्टात गेलेल्या बाईला निरोप कोण देणार? त्यांनी टेबल आवरलं, चाव्या दिल्या आणि रिक्षा बोलावली. मी त्यांच्यापासून चार हातांवर कपाटात बसून होते. मला त्या दिवशी स्वतःची लाज वाटली.

जूनमध्ये निकाल आला. अपेक्षा नावाच्या कारकून मुलीने तो उभ्यानेच वाचून दाखवला. तिन्ही मुदतवाढी बेकायदा, साहेबांनी पद ताबडतोब सोडावं. मात्र अर्जदार निवृत्त झाल्या असल्यामुळे त्यांना आता हे पद देता येणार नाही. साहेबांची तिसरी मुदत संपायला तेव्हा चारच दिवस उरले होते. तीन वर्षं दुसऱ्याच्या जागेवर बसल्याची शिक्षा चार दिवस.

आणि मग, मित्रांनो, मला बाहेर काढलं. मंडप, माईक, पहिल्या रांगेत सोफे. "साहेबांनी संस्थेसाठी तीन वर्षं जादा दिली," असं एक वक्ता बोलला आणि सभागृहाने टाळ्या वाजवल्या. निकाल वाचलेल्यांनीही वाजवल्या. अपेक्षा तेवढी हात मांडीवर ठेवून बसली होती. मला उलगडलं आणि साहेबांच्या खांद्यांवर घातलं. शालीला आपणहून घसरून पडता येत नाही, नाहीतर मी तिथेच जमिनीवर पडले असते.

आता मी त्यांच्या घरी असते. आल्यागेल्याला ते मला कौतुकाने दाखवतात. माझी काळजी छान घेतली जाते, तेव्हा मला जपा असं मी तुम्हाला सांगणार नाही. एवढंच मागते की, मोठे व्हाल तेव्हा कधीतरी तुम्हीही अशा सभागृहात बसलेले असाल आणि समोर कुणाच्या तरी खांद्यावर शाल पडत असेल. टाळी वाजवण्याआधी शेजारच्याला विचारा, यांच्या जागी कोण बसायला हवं होतं? आणि ते माणूस आज कुठे आहे?

आमचं माणूस त्या दिवशी तेल्हाऱ्याला होतं. त्यांना कोणी पत्रिका पाठवली नव्हती.