आईंचं पाण्याचं वाक्य

भाऊजींचा मिस्ड कॉल आला की आमच्या गल्लीत गरिबीची तयारी सुरू होते. ज्यांच्या भिंतीवर टीव्ही आहे ते त्यावर जुनी साडी लटकवतात. ज्यांनी नवीन फरशी बसवली ते तिच्यावर फाटकी सतरंजी अंथरतात. समोरची ब्रशवाली घरी बसून बाटल्या धुवायचे ब्रश बांधते. तिच्याकडे माणसाएवढा फ्रिज आहे, त्याला ती पायापासून डोक्यापर्यंत चादर गुंडाळते. एकदा एका पाहुण्या बाईंनी त्या चादरीकडे बघून हळूच विचारलं होतं, "आजारी आहे का कुणी?" ब्रशवाली गडबडली आणि म्हणाली, "हो, सासरे आहेत. उभ्यानेच झोपतात." बाई हळहळल्या. तिला मेलीला हसूसुद्धा आलं नाही.

भाऊजी म्हणजे माझे धाकटे दीर. वस्ती समितीच्या पायी सहलीचे गाईड. गळ्यात ओळखपत्र, हातात छत्री, आणि तोंडात सतत एकच पालुपद, "आपली वस्ती, आपणच दाखवायची." सुरुवातीला मलाही ते पटलं होतं. आधी कुठल्यातरी कंपनीची बस यायची, लोक नाकाला रुमाल लावून खिडकीतून आमचे फोटो काढायचे, आणि काच वर करून निघून जायचे. त्यापेक्षा आपलीच माणसं पुढे चालतील, न विचारता कुणी फोटो काढणार नाही, यात वाईट काय होतं? समितीच्या बैठकीत मीही टाळ्या वाजवल्या होत्या. पण दाखवता दाखवता वस्ती दाखवण्यापुरतीच ठेवायची रीत पडली, आणि ती पाडण्यात आमचे भाऊजी सगळ्यांत पुढे.

सहलीचा रस्ता ठरलेला. बटणांचा कारखाना, साबण कापणाऱ्या बायका, वाचनालय, सार्वजनिक संडासापुढची रांग आणि शेवटी आमची खोली. आमच्याच खोलीत शेवट का, तर आमच्याकडे आई आहेत. आई म्हणजे माझ्या सासूबाई. पाहुणे दारात चपला काढून खाली दाटीवाटीने बसतात. मी कोपऱ्यात मशीनवर गणवेशाच्या कॉलरी शिवत असते. कॉलर उलटी करून बोथट पेचकसाने तिची टोकं बाहेर काढावी लागतात, तेव्हा सगळे माझ्या हाताकडे असे बघतात जसं काही मी टोपीतून ससा काढणार आहे. मग भाऊजी घसा साफ करतात आणि म्हणतात, "आई, यांना पाण्याचं सांग ना."

मग आई सांगतात. "दुपारनंतर मी पाणी पीत नाही. पाणी प्यायलं की जावं लागतं. संडास पार गल्लीच्या टोकाला, पायऱ्या उतरून. गुडघे वाकत नाहीत. मग तहान लागली की नुसती चूळ भरते."

एवढंच वाक्य. पण ते झालं की खोलीत चिडीचूप होतं. भाऊजी मान खाली घालतात, मनातल्या मनात काहीतरी मोजल्यासारखे थांबतात, आणि मग "चला" म्हणून उठतात. बाहेर पडताना कुणीतरी डोळे पुसतंच. भाऊजी माझ्याकडे वळून भुवया उडवतात. मला तेव्हा तो पेचकस वेगळ्याच कामाला वापरावासा वाटतो.

कारण ते वाक्य खरं होतं. आई खरोखरच पाणी पीत नव्हत्या. त्यांचे ओठ सुकलेले असायचे, लघवीला जळजळ व्हायची, आणि गेल्या महिन्यात त्या मोरीजवळच चक्कर येऊन पडल्या. सलाईन लावलं. डॉक्टर मला रागावले, "यांना पाणी का देत नाही?" मी काय सांगणार? की आमच्याकडे यांच्या तहानेवर सहल चालते?

सलाईन संपायच्या आत मी ठरवलं. गल्लीतून ड्रेनेजची लाईन गेल्या वर्षीच गेली होती. मोरीची अर्धी जागा घेतली तर आत कमोड बसत होता. माझा नवरा टेम्पो चालवतो, सकाळी जातो आणि दमून येतो, आणि घरातल्या वादात पडायचं नाही हे त्याने लग्नाच्या दिवशीच ठरवलेलं आहे. तो म्हणाला, "बघ तुझं तू." मी बघितलं.

भाऊजींच्या कानावर गेलं तसे ते तरातरा आले.

"वहिनी, थोडं थांबा. पुढच्या आठवड्यात मोठी मंडळी येताहेत. ती आपल्या बाजूने उभी राहिली तर वस्तीला हात लावायची कुणाची हिंमत होणार नाही."

"मग येऊ देत की. संडास त्यांना चावणार आहे का?"

"तसं नाही. आई पाण्याचं सांगते तेव्हा माणसं हलतात. तेच सहलीचं काळीज आहे. मागे कमोड दिसला तर ती काय म्हणतील? यांना काय कमी आहे, म्हणतील. आणि पाडायला येणारेही तेच म्हणतील."

खोटं बोलत नव्हते ते, हेच जास्त चीड आणणारं होतं. दोन वर्षांपूर्वी पाडापाडीची नोटीस आली तेव्हा सहलीला आलेल्यांपैकीच काहींनी धावपळ केली होती, आणि गल्ली वाचली होती. पण गल्ली वाचवायला एका म्हातारीने तहानलेलं राहायचं, हा कुठला हिशेब?

"त्या पडल्या तेव्हा तुम्ही कुठे होता?" मी विचारलं.

"सहलीवर होतो."

"मग झालं तर."

प्लंबर आला, गवंडी आला. दोन दिवस खोलीत पाय ठेवायला जागा नव्हती. पांढराशुभ्र कमोड, हाताला आधार द्यायला भिंतीत लोखंडी दांडी, आणि खरं दार. आईंनी पहिल्यांदा दार लावून घेतलं तेव्हा इतका वेळ लागला की मला वाटलं पुन्हा पडल्या. बाहेर आल्या आणि पेलाभर पाणी प्यायल्या. मग अजून एक. मला रडू आलं आणि मी ते लपवलंही नाही.

पण खरी पंचाईत आईंचीच होती, हे मला उशिरा कळलं. त्यांना सहल आवडायची. इतर दिवशी त्यांचं बोलणं कोण ऐकतं? मुलगा दमलेला, मी मशीनवर, धाकटा गावभर फिरणारा. सहलीत मात्र परकी माणसं तोंड उघडं टाकून त्यांचं ऐकतात. धाकटा त्यांना "आई, आई" करत जवळ बसतो. त्यांना तेवढंच हवं होतं, आणि भाऊजींनी ते बरोबर हेरलं होतं. मोठी मंडळी यायच्या आदल्या संध्याकाळी ते आईंचे पाय चेपत बसले होते.

"फक्त उद्याचा दिवस, आई. नेहमीसारखंच म्हण."

"पण आता पिते की रे मी पाणी."

"मला माहीत आहे. पण त्यांना कुठे माहीत आहे?"

आईंनी दुसरा पायही पुढे केला. लेकाने असे पाय चेपून किती वर्षं झाली असतील देव जाणे. मी शिवण उसवली आणि पुन्हा घातली. सरळ दिसतच नव्हती.

दुसऱ्या दिवशी भाऊजी लवकर आले. संडासाच्या दारावर त्यांनी पडदा लावला, त्याच्यापुढे ट्रंक ठेवली आणि ट्रंकेवर गाठोडी रचली. मी मधे पडायला निघाले तर आईंनी हाताने थांबवलं. मला वाटलं, संपलं. म्हणणार आता त्या ते वाक्य, आणि या सीझनभर म्हणतील, आणि म्हणता म्हणता पुन्हा पाणी सोडतील, कारण आमच्या आईंना खोटं बोलणं कधी जमलंच नाही. जे बोलल्या त्याप्रमाणे त्या वागतात.

मोठी मंडळी आली. साधं दिसायचं म्हणून मुद्दाम साधे कपडे घालून आलेली. एकाने भिंतीला हात लावून बघितला, जणू ती पुठ्ठ्याची असेल. एक बाई माझ्याजवळ येऊन म्हणाल्या, "तुम्ही किती आनंदी दिसता." मी दात दाखवले. त्या पेचकसाचा फोटो काढू का म्हणाल्या. मी म्हटलं, त्यालाच विचारा.

सगळे बसले. भाऊजींनी घसा साफ केला.

"आई, यांना पाण्याचं सांग ना."

आईंनी सगळ्यांकडे बघितलं. कुणीतरी फोन काढून तयार धरला होता. आई माझ्याकडे वळल्या.

"अगं, पेला दे."

मी उठून पाणी दिलं. त्यांनी ते पूर्ण प्यायलं, घुटक्या घुटक्याने, सगळ्यांच्या देखत. पेला खाली ठेवला. मग भिंतीला धरून उठल्या आणि एक एक करून गाठोडी उचलून पाहुण्यांच्या मांडीवर द्यायला लागल्या. "हं, धरा जरा." मोठी मंडळी निमूटपणे गाठोडी धरून बसली. ट्रंक मी सरकवली, तेवढं श्रेय माझं. आईंनी पडदा बाजूला केला, दांडीला धरून आत गेल्या आणि कडी लावली.

भाऊजींचा चेहरा कुणीतरी तोंडात मारल्यासारखा झाला होता. पण माणूस गाईड आहे, पडला तरी नाक वर. क्षणात सावरले.

"तर मंडळी," ते म्हणाले, "हा आमच्या समितीच्या प्रयत्नांतून उभा राहिलेला पहिला घरगुती संडास!"

माझ्या हातातून कॉलर गळून पडली. मंडळींनी टाळ्या वाजवल्या, मांडीवरची गाठोडी सांभाळत. ती आनंदवाली बाई म्हणाली, "आतून बघता येईल का?"

"का नाही?" भाऊजींनी दारावर टकटक केली. "आई, बाहेर ये. पाहुण्यांना दाखवायचंय."

त्यांनी पुन्हा टकटक केली.

"आई, लवकर. ही मंडळी थांबलीत."

"थांबू देत," आईंचा आवाज आला.

"अगं पण किती वेळ?"

आता आई मोठ्याने बोलल्या, समोरच्या ब्रशवालीला ऐकू जाईल इतक्या मोठ्याने. "जन्मभर बाहेरून कुणीतरी दार वाजवतंय म्हणून अर्ध्यातून उठले मी. सकाळी उठले, पोटुशी असताना उठले, ताप असताना उठले. आता नाही उठायची. जा तुम्ही पुढे."

खोलीत चिडीचूप झालं. या खेपेला भाऊजींनी ते मोजलं नाही. पाहुण्यांनी गाठोडी हळूच खाली ठेवली आणि एकेक करून चपला शोधायला लागले. कुणी डोळे पुसले की नाही ते मी बघितलं नाही. भाऊजी सगळ्यांत शेवटी बाहेर पडले. दारात थांबून त्यांनी एकदा त्या बंद दाराकडे बघितलं आणि गेले.

मी मशीनवर बसले. एक कॉलर झाली, दुसरी झाली. आत नळ सुरू झाला आणि बंद झाला, पण कडी काही निघाली नाही. मी हाक मारली नाही.